अध्यक्षस्थानी रेनकोट

आयर्लंडहून परत आलेल्या माणसाने तिथल्या हिरवळीचं वर्णन केलंच पाहिजे, असा आमच्या कराडात अलिखित नियम दिसतो. तो आधी पाळून मोकळा होतो. हिरवळ आहे. पुष्कळ आहे. मेंढ्या दिवसभर ती खातात आणि ती संपत नाही. पावसाबद्दलही विचारतात. तोही आहे, पण आपल्याकडच्यासारखा बैठक मारून पडत नाही. दारातूनच डोकावतो, "बसत नाही हो, घाईत आहे" म्हणतो आणि पाच मिनिटांनी पुन्हा येतो.

आता मला जे सांगायचं आहे त्याकडे वळतो.

मी कराडच्या एका कॉलेजात इंग्रजी शिकवत होतो आणि सुट्टीच्या दिवशी गावोगावी कथाकथन करत होतो. पहिल्याने पोट भरलं, दुसऱ्याने मन. माझ्या कथाकथनाचं सगळं भांडवल म्हणजे माझं तोंड. डावी भुवई वर गेली की तलाठी, उजवा गाल फुगला की सरपंच, दोन्ही ओठ आत ओढले की तलाठ्याची सासू. गोष्ट बेताचीच असायची, पण तोंड खणखणीत. दोन वर्षांपूर्वी एका सकाळी चूळ भरायला गेलो, तर पाणी ओठांच्या डाव्या कोपऱ्यातून आपोआप ओघळलं. आरशात पाहिलं तर अर्धा चेहरा माझा होता आणि अर्धा कुणाचा तरी. तोंडावरून वारं गेलं होतं. औषधं झाली, शेक झाले, हळूहळू डोळा मिटायला लागला, चूळही जमू लागली. पण डावा गाल काही कामावर रुजू झाला नाही.

तरी हट्टाने एकदा उभा राहिलो. तलाठ्याची भुवई वर करायला गेलो, ती गेली नाही. पुढच्याच रांगेत बसलेल्या एका बाईंनी "च्च, च्च" केलं. वाईट मनाने नव्हे, कळवळून. हसवायला उभ्या राहिलेल्या माणसाला शिवी चालते, दगड चालतो, हे "च्च" चालत नाही. त्या दिवशी रेशमी झब्बा ट्रंकेत गेला तो गेलाच. आमच्या गावच्या व्याख्यानमालेचे बापूराव दर वर्षी आग्रह करायचे आणि मी दर वर्षी नाही म्हणायचो.

रिकामपणी मी एकोणिसाव्या शतकातल्या अमेरिकन विनोदकारांच्या नादी लागलो. ही मोठी गमतीची जात होती. वर्तमानपत्रात मुद्दाम अडाणी भाषेत लिहायचे, आणि नाव झालं की आगगाडीत बसून गावोगाव व्याख्यानं देत हिंडायचे. त्या काळी तिथे ज्ञानवर्धक व्याख्यानांची मोठी हौस. ही मंडळी एखादा भारदस्त विषय जाहीर करायची आणि व्याख्यानभर त्या विषयाला हातही लावायची नाहीत. त्यातले काही तर प्रेतयात्रेला आल्यासारखा चेहरा करून उभे राहायचे. स्वतः हसायचं नाही. लोक हसले तर दुखावल्यासारखं त्यांच्याकडे बघायचं. मी वाचत होतो आणि मनात म्हणत होतो, अरे, यांच्याकडे तोंड होतं आणि ते वापरत नव्हते!

ल्यूकन

माझी मुलगी मृणाल डब्लिनजवळ ल्यूकनला राहते आणि टॅलाला फिजिओथेरपिस्ट आहे. जावई सँडीफोर्डला कुठल्याशा कंपनीत संगणकापुढे बसतो. काय करतो ते त्याने मला तीनदा समजावून सांगितलं आहे आणि दोष माझा आहे. मी पोचलो त्या दिवसापासून मृणालने मला आरशापुढे बसवून गालाचे व्यायाम सुरू केले. "बाबा, ओठ वर. होल्ड. अजून होल्ड. आता रिलॅक्स." ती पेशंटशी बोलते तशी बोलायची, आणि मी पेशंटसारखा ऐकायचो. आमच्यात एवढंच बोलणं उरलं होतं. लहानपणी ही पोरगी माझा तलाठी बघून उचकी लागेस्तोवर हसायची. आता ती माझ्यासमोर हसायचं टाळते, हे मला पहिल्या आठवड्यातच कळलं. मला काय वाटेल म्हणून.

शेजारी नोरीन नावाच्या निवृत्त शिक्षिका राहतात. त्यांच्याकडे चहाला गेलो तेव्हा मी आपल्या रीतीप्रमाणे "नको, नको, आत्ताच झाला" म्हणालो. दुसऱ्या कुठल्या देशात हे बोललो असतो तर चहा गेला होता. नोरीनबाई म्हणाल्या, "अर्धा कप घ्याच." मी म्हणालो, "नको, खरंच." त्या म्हणाल्या, "किटली ठेवलीच आहे." आणि कपाटातून, ज्याला तिथे सगळे प्रेस म्हणतात, केकचा डबा निघाला. मी थक्क झालो. पहिलं नको हे सभ्यतेचं, दुसरं नको हे संस्काराचं आणि तिसऱ्या वेळी मुकाट्याने घ्यायचं, हे शास्त्र सातासमुद्रापलीकडे कुणी नेलं कोण जाणे! मला एकदम घरी आल्यासारखं वाटलं आणि मी केकचे दोन तुकडे खाल्ले.

हेच शास्त्र पुढे माझ्या अंगाशी आलं. चहा पिता पिता मृणालने त्यांना माझ्या अमेरिकन व्याख्यात्यांच्या नादाबद्दल सांगितलं. नोरीनबाईंचे डोळे चमकले. त्यांचा भाऊ डोनल पश्चिमेला क्लेअर परगण्यातल्या एका छोट्या गावात राहतो, तिथली इतिहासप्रेमी मंडळी तोच चालवतो, आणि पुढच्या शुक्रवारी गवताच्या छपरांवर बोलणारे वक्ते आजारी पडले होते.

"तुम्हीच बोला ना," त्या म्हणाल्या.

"नाही, मला शक्य नाही," मी म्हणालो. अगदी मनापासून म्हणालो.

"आमची मंडळी फार साधी आहेत हो."

"नाही, खरंच नको."

"ग्रँड," नोरीनबाई खुश होऊन म्हणाल्या, "मग डोनलला कळवते."

घरी येताना मृणाल कासावीस झाली. "बाबा, मी जाऊन क्लिअर करते. शी थॉट की तुम्ही फॉर्मॅलिटी म्हणून नाही म्हणताय. तुम्हाला खरंच नकोय ना?"

मला खरंच नको होतं. पण तिच्या आवाजातली ती काळजी ऐकून मला माझाच राग आला. बापाला व्याख्यानापासून वाचवायला पोरीला शेजारी पाठवायचं, एवढी वेळ आली होती. मी म्हणालो, "राहू दे. तिथे मला कोण ओळखतंय?"

शॅननच्या पलीकडे

शुक्रवारी मृणालने रजा टाकली आणि नोरीनबाईंना घेऊन आम्ही निघालो. मोटरवेबद्दल लिहिण्यासारखं काही नाही. तो जगात सगळीकडे एकच आहे. अथलोनला शॅनन नदीकाठी थांबून सूप आणि काळपट पाव खाल्ला. पावावरचं लोणी इतकं चांगलं होतं की मी मृणालचंही खाल्लं. नदी रुंद आणि संथ, काठावर बदकं. कृष्णेच्या घाटावर बसून मी नेहमी भाषणाची उजळणी करायचो, ते आठवलं. उजळणी करायला गेलो आणि पहिलंच वाक्य विसरलो.

गॉलवे सोडल्यावर जमीन बदलली. हिरवळ मागे पडून करडा कातळ सुरू झाला. डोंगरच्या डोंगर उघडे, आणि त्यावर चुन्याशिवाय नुसते एकावर एक दगड रचलेले गडगे. आपल्या कोकणातल्या सड्यावर असतात तसे. फरक इतकाच, की इथे गडग्याच्या दोन्ही बाजूंना दगडच आहेत. मी नोरीनबाईंना विचारलं, "हे कशापासून कशाचं रक्षण करतात?" त्या गंभीरपणे म्हणाल्या, "इकडच्या दगडांपासून तिकडच्या दगडांचं." चेहऱ्यावरची रेषही हलली नाही. मला उशिरा कळलं की हा विनोद होता. आणि या लोकांसमोर मला विनोदावर बोलायचं होतं.

वाटेत एके ठिकाणी गाई आडव्या आल्या. गुराखी आजोबांनी एक बोट उचलून आम्हाला नमस्कार केला. मृणालनेही स्टिअरिंगवरचं एक बोट उचललं. "इथे असंच करतात," ती म्हणाली. पुढे मी येणाऱ्या प्रत्येक गाडीला बोट उचलत राहिलो आणि सगळ्यांनी परत बोट उचललं. एवढ्यावर ओळख होते, हे मला फार आवडलं. तोंड लागतच नाही.

सभागृह

गाव म्हणजे एक रस्ता, एक चर्च, आणि मी मोजायचं टाळलं तितके पब. सभागृहाच्या दारावर सूचना लावली होती: एकोणिसाव्या शतकातील अमेरिकन व्याख्यानपरंपरा, वक्ते भारतातून. विनोदाचा उल्लेख कुठेच नव्हता. नोरीनबाई म्हणाल्या, "डोनलला वाटलं, असं भारदस्त बरं दिसेल." त्या जुन्या मंडळींनी मुद्दाम जे केलं असतं, ते डोनलने भाबडेपणाने केलं होतं. लोक खरंच ज्ञान घ्यायला आले होते. बहुतेक माझ्याच वयाचे, अंगात स्वेटर, मांडीवर हात, रविवारच्या प्रार्थनेला बसतात तसे.

डोनल हा उंच, लाल गालांचा, साठी ओलांडलेला गृहस्थ. मंचावर दोन खुर्च्या होत्या. एकीवर त्याने मला बसवलं. दुसरीच्या पाठीवर आपला भिजलेला रेनकोट अडकवला आणि वर लोकरीची टोपी ठेवली. मग पुढे होऊन म्हणाला, "हे भारतातून आलेत. खूप लांबून आलेत. ऐकूया." आणि चक्क खाली उतरून पहिल्या रांगेत जाऊन बसला. झाली ओळख! आपल्याकडे एवढ्या वेळात ओळख करून देणारे स्वतःची ओळखही संपवत नाहीत.

मी उठलो. तीस वर्षांची सवय अंगात आली. हात जोडले, डावीकडे वळलो, कमरेत वाकलो आणि खणखणीत आवाजात म्हणालो, "सन्माननीय अध्यक्षमहोदय!"

डावीकडे रेनकोट होता.

सगळ्यांनी आदराने रेनकोटाकडे पाहिलं, मग माझ्याकडे. आणि पहिल्या रांगेतल्या एका पांढऱ्या केसांच्या आजी शेजारणीला हलकेच म्हणाल्या, "गॉड लव्ह हिम."

भाषा वेगळी, पण "च्च" तेच. माझी कानशिलं तापली. मृणाल तिसऱ्या रांगेत पर्स घट्ट धरून बसली होती आणि तिचा चेहरा मला बघवेना. पूर्वी असा घोटाळा झाला असता तर मी जीभ काढली असती, भुवई उडवली असती, सभा सावरून घेतली असती. सवयीने भुवईला हुकूम दिला. ती बसून राहिली.

आता माफी मागून खाली बसायचं, एवढाच मार्ग होता. पण तेवढ्यात ती जुनी अमेरिकन मंडळी आठवली. भर सभेत असं काही झालं तर ती काय करायची? काहीच नाही. मी माफी मागितली नाही. रेनकोटाकडे तसाच बघत राहिलो, परवानगीची वाट बघावी तसा. जरा थांबलो. मग मान डोलावून म्हणालो, "आभारी आहे, महोदय," आणि लोकांकडे वळून बोलायला लागलो.

कुणी हसलं नाही. मी सांगत राहिलो. की त्या काळी हे व्याख्याते गावोगाव जात, आणि प्रत्येक गावात एक अध्यक्ष असे, आणि तो इतकं बोले की व्याख्यात्याला वाटे आपण उगाच तिकीट काढलं. "भारतात ही परंपरा आम्ही जिवापाड जपली आहे," मी म्हणालो. "आपण मात्र ती मोडलीत, याचं मला वाईट वाटतं. आपले आजचे अध्यक्ष अतिशय मितभाषी आहेत. माझं स्पष्ट मत आहे की अध्यक्षाने निदान एकदा तरी..."

कोट वाळत असावा, किंवा मंचाची फळी हलली असावी. टोपी हळूहळू पुढे कलली आणि धप्पकन खाली पडली.

मी थांबलो. टोपीकडे पाहिलं. मग लोकांना म्हणालो, "अध्यक्षांना हे मत मान्य नाही."

आधी डोनलला हसू फुटलं. ज्याचा कोट, तोच गुडघ्यावर थाप मारून ओरडला, "बघा, बघा, यूअर मॅन काय म्हणतोय!" तिथे कुठल्याही तिऱ्हाइताला यूअर मॅन म्हणतात, मला म्हणाला की कोटाला, ते कळलं नाही. आणि मग सगळं सभागृह हशाने फुटलं. ज्ञान घ्यायला आलेली ती शांत माणसं डोळे पुसत हसत होती. मी त्यांच्याकडे दुखावल्यासारखं पाहिलं, आणि ती आणखी हसली. तो दुखावलेला चेहरा मला करावाच लागला नाही. डावा गाल दोन वर्षं त्याचीच तालीम करत होता.

आणि त्या हशात मला एक आवाज ओळखू आला. उचकी लागल्यासारखा. तिसऱ्या रांगेत मृणाल पर्समध्ये तोंड घालून हसत होती, अगदी शाळेच्या फ्रॉकमध्ये हसायची तशी. माझ्या छातीवरचं ओझं उतरलं, असं लिहिलं तर जुनं वाटेल, पण दुसरं शहाणपणाचं वाक्य मला सुचत नाही. ओझं होतं आणि ते उतरलं.

पुढचं व्याख्यान आपोआप झालं. गालाबद्दल मीच सांगून टाकलं. "या व्याख्यात्यांचा पहिला नियम, स्वतः हसायचं नाही. माझी डावी बाजू तो कडकपणे पाळते. उजवी अजून कराडची आहे, तिच्याकडे कृपया बघू नका." कुणी "च्च" केलं नाही. मधूनमधून मी अध्यक्षांचा सल्ला घेत होतो. शेवटी त्यांच्याच परवानगीने थांबलो.

मग चहा आणि अंड्याची त्रिकोणी सँडविचं. मी दोनदा नको म्हणून चार खाल्ली. त्या पांढऱ्या केसांच्या आजी बशी घेऊन माझ्याकडे आल्या.

"मला वाटलं तुम्ही आजारी आहात," त्या जरा रागाने म्हणाल्या. "मी तर मनात प्रार्थनासुद्धा सुरू केली होती. एवढं फसवतं का कुणी? आणि तो अर्धा चेहरा असा दगडासारखा ठेवता, हे जमतं कसं हो?"

गालाचं खरं काय ते मी सांगून टाकलं असं मला वाटत होतं. बाईंनी तर तेही नाटकातच जमा केलं होतं. मी काही बोलायच्या आत मृणाल म्हणाली, "फार प्रॅक्टिस लागते. मी रोज सकाळी करून घेते त्यांच्याकडून."

आम्ही बापलेकींनी एकमेकांकडे बघितलं आणि हसलो. मी उघड्यावर हसलो, दोन वर्षांत पहिल्यांदा तोंडाला हातरुमाल न लावता. अर्ध्या तोंडाने हसू येतं का, असं कुणी विचारलं तर सांगतो, येतं. पुरतंही.

निघताना डोनलने कोट अंगात घातला, पण टोपी माझ्या हातात दिली. "आमच्या मंडळींना इतके चांगले अध्यक्ष आजवर मिळाले नव्हते," तो म्हणाला. "घेऊन जा." मी नको म्हणालो. पुन्हा नको म्हणालो. टोपी माझ्या पिशवीत आली.

कराड

परत आलो त्याच आठवड्यात बापूरावांचा फोन आला. प्रवास कसा झाला, हिरवळ कशी होती, पाऊस कसा होता, सगळं रीतसर विचारून झालं. मग जरा चाचरत म्हणाले, "सर, या वर्षी व्याख्यानमालेत तुमचं..."

"नाही हो," मी म्हणालो.

"बघा, जमलं तर."

"नको, बापूराव."

बिचाऱ्यांनी दोन वर्षं माझे नकार ऐकले होते. शिवाय ते आयर्लंडला कधी गेलेले नाहीत. "बरं, तब्येतीला जपा," म्हणून ते फोन ठेवायला लागले.

"अहो, थांबा!" मी ओरडलो. "तिसऱ्यांदा विचारा की!"

मग त्यांनी विचारलं, आणि मी हो म्हणालो. त्यांचा आवाज इतका हलका झाला की मलाच भरून आलं.

"तारीख ठरवतो, मांडव सांगतो," ते घाईघाईने म्हणाले. "आणि सर, अध्यक्ष कोण बोलवायचे?"

खुंटीवर, ट्रंकेतून बाहेर आलेल्या झब्ब्याशेजारी, लोकरीची टोपी अडकवलेली होती.

"त्यांची काळजी करू नका," मी म्हणालो. "अध्यक्ष मी घेऊन येतो. फार बोलत नाहीत."